पोरसीची एकवीस मिनिटं



मागच्या चातुर्मासात माझ्या हातून एक चूक झाली. ती घरात सांगून झाली, महासतीजींपुढे आलोचना करूनही झाली. पण इथे लिहायची राहिली होती. आपल्यापैकी बऱ्याच जणी आता पच्चक्खाणाच्या वेळा मोबाइलवरच बघतात, म्हणून लिहिते.

माझ्या मोठ्या जाऊबाईंना आम्ही सगळे भाभी म्हणतो. वय अठ्ठ्याहत्तर. दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची ऑपरेशनं झालेली. चातुर्मासात त्यांची रोज पोरसी असते, गेली कित्येक वर्षं. वेळेसाठी त्यांचा भरवसा एकाच गोष्टीवर, संघातून मिळणारं छापील कोष्टक. ते स्वयंपाकघरात दाराशेजारी चिकटवलेलं असतं. त्या वर्षी पुण्यात पाऊस असा लागला, की त्या भिंतीला ओल आली आणि एक दिवस कोष्टक लगदा होऊन खाली पडलं. भाभी मला म्हणाल्या, "तुझ्या फोनवर असतं ना गं सगळं, तूच सांगत जा."

मला त्याचा जरासा अभिमानच वाटला, खोटं कशाला बोलू. सुनेकडून फोन शिकून घेतलेली या घरातली माझ्या पिढीची मी एकटी.

एका ठिकाणी पोरसीच्या वेळांचा तक्ता होता. उभ्या बाजूला तारखा, आडव्या बाजूला गावं. तारखेनंतर पहिला रकाना मुंबई, दुसरा पुणे, मग नाशिक, मग नागपूर, आणि पुढे आणखी बरीच. तक्ता बरोबरच होता, हे आधी सांगून ठेवते. पण फोनवर उघडला की अख्खा तक्ता एका नजरेत दिसायचा आणि अक्षर राजगिऱ्याच्या दाण्याएवढं. मग दोन बोटांनी मोठं करायचं. मोठं केलं की पान सरकायचं. गावांची नावं वर निघून जायची, तारखा डावीकडे निघून जायच्या, आणि समोर राहायचे नुसते आकडे. मी मनाशी धरून ठेवलेलं, पुणे म्हणजे दुसरा रकाना. तारखेच्या ओळीवर बोट धरून ठेवायचं आणि दुसऱ्या रकान्यातला आकडा वाचायचा.

पडद्यावरचा दुसरा रकाना आणि तक्त्यातला दुसरा रकाना एकच असेल, असं मी कशावरून धरलं, देव जाणे. पान उजवीकडे सरकलं होतं. पडद्यावरचा पहिला रकाना नाशिकचा होता आणि दुसरा नागपूरचा.

त्या सुमारास पुण्याची पोरसी 9 वाजून 29 मिनिटांनी येत होती. नागपूरची 9 वाजून 8 मिनिटांनी. नागपूर आपल्या बरंच पूर्वेला, तिथे सूर्य आधी उगवतो, त्यामुळे सगळंच वीसेक मिनिटं आधी. फरक तासाचा असता तर भाभींच्या लगेच लक्षात आलं असतं, इतक्या वर्षांच्या सवयीने त्यांचं पोटच घड्याळ झालंय. पण वीस मिनिटं कुणाच्या लक्षात येणार? त्यातून बाहेर ढग, ऊन नावाला नाही. मी सांगायची, "भाभी, नऊ दहा झाले, आता हरकत नाही." त्या नवकार म्हणून पच्चक्खाण पाळायच्या आणि दूध घ्यायच्या. असे पाच दिवस गेले.

सहाव्या दिवशी मी लवकर आवरून प्रवचनाला स्थानकात गेले. निघताना वेळ सांगून गेले. तिथे फळ्यावर खडूने लिहिलेलं, पोरसी 9.29. मी दोनदा वाचलं. मग चप्पल न घालताच बाहेर अंगणात आले आणि घरी फोन लावला. सुनेने उचलला. घड्याळात 9.16 झाले होते. मी म्हटलं, भाभींना थांबव. ती म्हणाली, "त्या दूध पितायत." मी म्हटलं, "तोंडातला घोट सोडून सगळं थांबव."

भाभींनी काय केलं ते मला घरी आल्यावर कळलं. अर्धा पेला खाली ठेवला, चूळ भरली, आणि आसनावर जाऊन मुहपत्ती बांधून बसल्या. 9.29 ला सुनेने सांगितलं तेव्हा उठल्या. उरलेलं दूध मग प्यायल्या. मला एक शब्द बोलल्या नाहीत. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. पण माझं तोंड मला गप्प बसू देईना. आजचं तर अर्ध्यावर थांबलं, आधीच्या पाच दिवसांचं काय? ते मी सांगितलं नसतं तर त्यांना कधीच कळलं नसतं. संध्याकाळी प्रतिक्रमणाच्या आधी सांगितलं. त्या इतकंच म्हणाल्या, "उद्या महासतीजींना विचारू."

महासतीजींनी सगळं शांतपणे ऐकलं आणि आम्हाला एका आगाराची आठवण दिली. पोरसीच्या पच्चक्खाणात जे आगार आपण रोज घडाघडा म्हणतो, त्यात एक आहे पच्छन्नकाल. ढगाने, धुळीने किंवा डोंगराच्या आड सूर्य झाकला गेला, वेळ कळली नाही, आणि पोरसी झाली असं समजून कुणी खाल्लं, तर पच्चक्खाणाचा भंग होत नाही. मात्र खरी वेळ कळताच हातातला घास थांबवायचा आणि वेळ पूर्ण होईपर्यंत बसून राहायचं. भाभींनी कुणी न सांगता नेमकं तेच केलं होतं. त्यांना काही लागत नाही, असं त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुमचा सूर्य मात्र ढगाआड नव्हता, तुमच्याच बोटाने सरकला." मला त्यांनी प्रायश्चित्त दिलं, ते मी इथे लिहीत नाही. पण त्यात एक काम असंही होतं की हे पुन्हा कुणाच्या घरी होणार नाही ते बघायचं.

आता काम म्हटल्यावर मी वहीपेन घेऊन बसले. लग्नाआधी बी.कॉम. केलंय, आकड्यांची भीती नाही. पहिल्यांदा वेळ स्वतः काढून बघितली. पोरसी म्हणजे दिवसाचा एक प्रहर, म्हणजे सूर्योदय ते सूर्यास्ताचा चौथा भाग. पुण्यात त्या दिवशी सूर्योदय 6.20, सूर्यास्त 6.56. मध्ये 12 तास 36 मिनिटं, म्हणजे 756 मिनिटं. भागिले चार, 189 मिनिटं, म्हणजे 3 तास 9 मिनिटं. सूर्योदयात मिळवा, 9.29. बास, एवढंच. नवकारसी तर याहून सोपी, सूर्योदयानंतर दोन घटिका, म्हणजे 48 मिनिटं. हा ताळा मी पहिल्याच दिवशी केला असता तर पुढचं काहीच घडलं नसतं. जमाखर्चाला ताळा लावणारी मी, पोरसीला लावला नाही.

मग तक्ता ज्याने केला त्या मुलाला गाठलं. इंजिनीअरिंगला आहे, गुणी मुलगा, संघाची सेवा म्हणून फुकट करतो. मी त्याला फोन दाखवला तर त्याचाच चेहरा उतरला. तो म्हणाला, "काकू, मी कॉम्प्युटरवर बनवलं आणि कॉम्प्युटरवरच तपासलं. तिथे तर छान दिसतं." त्याने मला जे समजावलं, ते मी माझ्या भाषेत सांगते.

फोनचा पडदा हातभर नसतो, चार बोटं रुंद असतो. पण इंटरनेटवरची जुनी पानं सगळी कॉम्प्युटरच्या रुंद पडद्यासाठी बनलेली. 2007 साली आयफोन आला तेव्हा त्याच्या ब्राउझरने यावर एक युक्ती काढली. पानाला तो सांगतो की माझा पडदा 980 बिंदू रुंद आहे. पान तेवढ्या रुंदीचं मांडून घेतो, आणि मग अख्खं आकसून चिमुकल्या पडद्यावर बसवतो. पुढे बाकीच्या फोननीही तेच उचललं. म्हणून अक्षर राजगिऱ्याएवढं. हे टाळायचं तर पान बनवणाऱ्याने वरच्या भागात एक ओळ लिहायची असते. त्या ओळीचं नाव व्ह्यूपोर्ट. तिचा अर्थ एवढाच, बाबा रे, फोनची खरी रुंदी धर, उगाच मोठेपणा सांगू नको. या मुलाच्या पानात ती ओळच राहून गेली होती.

त्याने माझ्यासमोर ती ओळ घातली. मी पान पुन्हा उघडलं. अक्षर झकास मोठं झालं, आणि तक्ता आणखीनच बिघडला! आता मुंबई आणि पुणे एवढंच दिसत होतं, बाकीची गावं उजवीकडे पडद्याबाहेर. खाली सरकवलं की गावांची नावं पुन्हा गायब. मुलगा म्हणाला, थांबा, वरची ओळ चिकटवून टाकतो. म्हणजे आकडे सरकले तरी गावांची नावं वर आणि तारखा डावीकडे जागच्या हलणार नाहीत. याला स्टिकीच म्हणतात, टिकलीसारखं. ते त्याने केलं, तेही बरं होतं.

पण माझं समाधान होईना. आम्हाला कॉलेजात तीन रकान्यांची रोकडवही शिकवली, रोख, बँक आणि कसर. आमचे सर एक गोष्ट सोडायचे नाहीत. पान उलटलं की रकान्यांची नावं नव्या पानावर परत लिहायची. "मागच्या पानावर आहे" हे उत्तर चालायचं नाही, मार्क कापायचे. कारण एका रकान्याची रक्कम शेजारच्या रकान्यात गेली तर बेरीज चुकते आणि चूक कुठे आहे ते रात्रभर सापडत नाही. मी त्या मुलाला म्हटलं, "फोनवर सगळी गावं हवीतच कशाला? मला पुण्याशी मतलब. आधी गाव विचार, मग फक्त त्याच गावाच्या वेळा दाखव. आणि प्रत्येक ओळीत गावाचं नाव परत लिही." तो म्हणाला, "काकू, प्रत्येक ओळीत पुणे पुणे पुणे दिसेल, विचित्र वाटेल." म्हटलं, वाटू दे. आता तिथे प्रत्येक ओळीत लिहिलेलं असतं, पुणे, तारीख, पोरसी, वेळ. दिसायला खरंच विचित्र आहे.

सगळीच पानं काही आपल्या संघातल्या मुलाने केलेली नसतात, आणि प्रत्येकाला गाठता येत नाही. तेव्हा आपल्या हातात काय आहे, तेही त्याच्याकडून विचारून घेतलं. सगळ्यात सोपं म्हणजे फोन आडवा धरायचा. पडदा फिरत नसेल तर वरून बोट ओढलं की जी चित्रं येतात त्यात फिरण्याचं बटण असतं, ते चालू करायचं. रुंदी जवळजवळ दुप्पट होते. दुसरं, क्रोममध्ये वर उजवीकडे तीन टिंबं आहेत, तिथे "डेस्कटॉप साइट" असं लिहिलेलं असतं. त्यावर बरोबरची खूण असेल तर काढून टाका. माझ्या नणंदेच्या फोनवर नातवाने कसलासा फॉर्म भरायला ती खूण केली होती आणि तशीच ठेवली. त्या बिचाऱ्या पुढे महिनाभर भिंग घेऊन ते पान वाचत होत्या आणि डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जाऊन आल्या. आणि काही पानं बोटांनी मोठीच होत नाहीत, हट्टी असतात. त्यांच्यासाठी क्रोमच्या सेटिंगमध्ये सुलभतेच्या भागात झूमची सक्ती करायची सोय आहे.

हे मंडळात सांगितल्यावर प्रत्येकीने आपापला फोन पुढे केला, आणि मी जणू वैद्य झाले. एकीकडे सूत्राच्या पाठात मध्येच रिकामे चौकोन. तो चौकोन म्हणजे त्या अक्षराचा आकार फोनमधल्या कुठल्याच अक्षरसंचात नाही. गंमत म्हणजे या चौकोनांना कॉम्प्युटरवाले टोफू म्हणतात, आपल्या सोयाबीनच्या पनीरसारखे दिसतात म्हणून. गूगलने जगातल्या सगळ्या लिप्यांसाठी अक्षरसंच केला त्याचं नाव नोटो, म्हणजे "टोफू नको". फोनची आणि ब्राउझरची नवी आवृत्ती घेतली की पुष्कळदा हे चौकोन जातात.

दुसरीकडे तर एक अख्खं स्तोत्र इंग्रजी अक्षरांच्या आणि कंसांच्या कचऱ्यासारखं दिसत होतं. ती म्हणाली, व्हायरस आहे. व्हायरस नाही. आपल्याकडे युनिकोड रुळण्याआधी मराठी-हिंदी टाइप करायचे ते वेगळ्याच तऱ्हेने. आत इंग्रजी अक्षराची खूण साठवायची आणि त्यावर देवनागरीचा मुखवटा चढवायचा. ज्या कॉम्प्युटरवर तो मुखवटा आहे तिथेच देवनागरी दिसायची. फोनवर तो नसतो, मग आतलं इंग्रजी उघडं पडतं. आपली कितीतरी जुनी पुस्तकं अशी टाइप केलेली पडून आहेत. त्याला फोनवर तुम्ही काही करू शकत नाही. कुणीतरी बसून तो मजकूर युनिकोडमध्ये बदलायला हवा, आणि बदलल्यावर मूळ पुस्तकाशी ओळीने ओळ ताडून बघायला हवा, कारण ऱ्हस्व-दीर्घ आणि जोडाक्षरं हमखास बिघडतात. दुपारी मोकळ्या असणाऱ्या आपण चार जणींनी हे काम घेतलं तर?

तिसरा एक प्रकार आहे, डोक्यावर तिरकी रेघ असलेला इंग्रजी ए आणि शेजारी चार शिंगं फुटलेला गोल, हीच जोडी पानभर. तिथे अक्षरं आहेत युनिकोडमधलीच, पण पानाने आपण कुठल्या सांकेतिक पद्धतीत आहोत ते चुकीचं सांगितलंय. आपल्या एका अक्षराचे तीन तुकडे साठवलेले असतात, आणि ब्राउझर प्रत्येक तुकडा वेगळं अक्षर समजून वाचतो. हे पानवाल्यालाच कळवावं लागतं.

आणि एका बाईंच्या फोनवर स्तोत्राच्या मथळ्याचं कुठल्या कुठे इंग्रजी झालं होतं. त्यांनी कधीतरी भाषांतराची पाटी आली तिला हो म्हटलं होतं. प्राकृत सूत्राचं यंत्राने केलेलं इंग्रजी वाचून आम्ही सामायिकाला बसण्याआधी जे हसलो, त्याची वेगळी आलोचना करावी लागेल.

एक मात्र हसण्यावारी नेऊ नका. फोन एकदा बघितलेलं पान स्वतःजवळ ठेवून घेतो, आणि पुढच्या वेळी कधीकधी तेच जुनं दाखवतो. गोष्ट वाचायची असेल तर चालेल, पण तिथी आणि वेळ बघताना नाही. त्या मुलाने तक्ता दुरुस्त केल्यावर दोन दिवस माझ्या एका मैत्रिणीला जुनाच दिसत होता. तीन टिंबांखाली गोल बाण आहे, त्याने पान नव्याने आणा. तरीही जुनंच आलं तर ब्राउझरच्या इतिहासात जाऊन साठवलेली चित्रं आणि फायली एवढ्याच पुसा. पासवर्डवर खूण असेल तर ती आधी काढा, नाहीतर बँकेपासून सगळीकडे परत नाव-गाव सांगत बसाल.

ओल आलेली भिंत दिवाळीत रंगवून घेतली. यंदा भाभींनी संघाकडून दोन छापील कोष्टकं मागून आणली आहेत. एक दाराशेजारी लावलंय आणि एक प्लास्टिकच्या पिशवीत घालून कपाटात ठेवलंय. मीही सकाळी फोनवर बघते. मी नऊ एकोणतीस म्हटलं की त्या कोष्टकापाशी जातात, चष्मा वर करून बघतात, आणि तिथूनच विचारतात, "पुण्याचीच ना?"